शिकायला गेलेली माणसं आणि मागे राहिलेला प्रदेश

(लोहा येथील स्मृतिव्याख्यानमालेत दिलेल्या व्याख्यानाचा लिखित पाठ)

आजच्या विषयाची सुरुवात १९३२ सालापासून करणं सोयीचं आहे. त्या वर्षीच्या फेब्रुवारीत जमैका बेटावरच्या किंग्स्टन शहरात संस्कृतीचे अभ्यासक स्टुअर्ट हॉल जन्मले. जुलैत आपल्याकडे, तेव्हाच्या परभणी जिल्ह्यात, विचारवंत नरहर कुरुंदकर जन्मले; मूळ गाव वसमत तालुक्यातलं कुरुंदा. त्याच वर्षी त्रिनिदाद बेटावरून दोन माणसं इंग्लंडला निघाली. एक होते सी. एल. आर. जेम्स, क्वीन्स रॉयल कॉलेजात शिकवणारे. दुसरे एरिक विल्यम्स, त्याच कॉलेजात त्यांच्या हाताखाली शिकलेले. विल्यम्स शिष्यवृत्ती मिळवून ऑक्सफर्डला चालले होते. जेम्स लेखक व्हायला चालले होते.

कुरुंदकर नांदेडचेच राहिले. हैदराबादेत मामा डॉ. ना. गो. नांदापूरकर यांच्याकडे राहून काही वर्षं शिकले, पण पुढचं सगळं आयुष्य नांदेडात, पीपल्स कॉलेजात आणि महाराष्ट्रभरच्या व्याख्यानांत गेलं. हॉल एकोणिसाव्या वर्षी, १९५१ मध्ये, ऱ्होड्स शिष्यवृत्तीवर ऑक्सफर्डला गेले आणि राहायला म्हणून पुन्हा कधी जमैकाला परतले नाहीत. कुरुंदकर वयाच्या एकोणपन्नासाव्या वर्षी औरंगाबादेत व्यासपीठावरच गेले, हॉल ब्याऐंशी वर्षं जगले. एक १९८२ साली, एक २०१४ साली, दोघंही १० फेब्रुवारीला. तारखांचा हा योगायोग सोडून द्या. दोघांनी आयुष्यभर एकच प्रश्न उलटसुलट करून पाहिला, तो महत्त्वाचा: परकी सत्ता निघून गेल्यावर ज्या समाजाला आपण ‘आपला’ म्हणतो, तो नेमका कोण आहे?

हॉल यांनी ‘कल्चरल आयडेंटिटी अँड डायस्पोरा’ या १९९० च्या निबंधात त्याचं उत्तर मांडलं. माणसाची ओळख ही भूतकाळात कुठे तरी जपून ठेवलेली आणि जाऊन उचलून आणायची गोष्ट नाही. ती इतिहासाच्या रेट्यात घडत राहते, आणि आपण कुठे उभे राहून बोलतो त्यावर ठरते, असा त्या मांडणीचा गाभा. कॅरिबियन माणसाला हे लवकर कळलं याचं कारण उघड आहे. त्या बेटांवरचे मूळ रहिवासी बहुतांशी संपवले गेले. आफ्रिकेतून गुलाम आणले गेले. गुलामी कायद्याने संपल्यावर हिंदुस्थानातून करारबद्ध मजूर, म्हणजे गिरमिटिये, नेले गेले; त्रिनिदादला पहिलं जहाज, ‘फातेल रझाक’, ३० मे १८४५ रोजी लागलं. मळा कुणाचाही असो, मुख्य पीक एकच होतं: ऊस. उसासाठी माणसं हलवायची आणि हललेल्या माणसांना नवीन नावं द्यायची, असा तिथला तीनशे वर्षांचा इतिहास.

हे ऐकताना लोहा, कंधार, मुखेडच्या माणसाला ते अगदीच परकं वाटू नये. दिवाळी झाली की या भागातल्या ऊसतोडीच्या टोळ्या साखर कारखान्यांच्या वाटेला लागतात. मुकादमाकडून घेतलेली उचल फेडायची असते, कोयता नवरा-बायकोच्या जोडीवर मोजला जातो आणि लेकरांची शाळा मधूनच सुटते. गुलामी आणि ऊसतोड एकच, असं म्हणणं इतिहासाशी बेइमानी ठरेल. पण साखर आणि स्थलांतर यांची गाठ काय असते, हे समजण्यासाठी या तालुक्याला पुस्तकाची गरज नाही. ते पुस्तक मात्र एरिक विल्यम्स यांनी लिहिलं. ‘कॅपिटॅलिझम अँड स्लेव्हरी’, १९४४. गुलामांच्या श्रमावर पिकलेल्या साखरेच्या नफ्याने इंग्लंडच्या औद्योगिक क्रांतीला भांडवल पुरवलं, आणि गुलामी रद्द झाली ती निव्वळ दयेपोटी नव्हे, तर तिचा फायदा आटला म्हणून, हा त्यातला दावा. विल्यम्स यांचा ऑक्सफर्डचा १९३८ चा प्रबंध या पुस्तकाच्या मुळाशी होता. राज्यकर्त्यांच्याच विद्यापीठात बसून, त्यांच्याच दप्तरातले कागद काढून त्यांना हिशेब विचारणारा हा शिष्यवृत्तीवरचा विद्यार्थी.

आता थोडं १९४८ कडे यावं लागेल. २२ जून १९४८ रोजी ‘एम्पायर विंडरश’ हे जहाज लंडनजवळच्या टिलबरी बंदरात लागलं. त्यात आठशेच्या आसपास कॅरिबियन माणसं होती, बहुतेक कामाच्या शोधात आलेली. ब्रिटनमधल्या कॅरिबियन समाजाच्या इतिहासात ही तारीख कोरली गेली आहे. त्याच वर्षी जमैकात मोना इथे वेस्ट इंडीजचं विद्यापीठीय महाविद्यालय निघालं, लंडन विद्यापीठाशी संलग्न असं. आणि जहाजाला तीन महिने होत नाहीत तोच, १७ सप्टेंबरला हैदराबादच्या निजामाने शरणागती पत्करली आणि मराठवाडा स्वतंत्र भारतात आला.

बाकीच्या महाराष्ट्राला पुष्कळदा आठवण करून द्यावी लागते, ती ही की मराठवाड्याचं वसाहतोत्तर आयुष्य निराळ्या तारखेला सुरू झालं. इथे साहेब थेट नव्हता. इथे निजाम होता, त्याच्यावर इंग्रज रेसिडेंट होता, आणि शिक्षणाची भाषा उर्दू होती. उस्मानिया विद्यापीठ १९१८ मध्ये निघालं ते आधुनिक ज्ञान उर्दूतून देण्यासाठी. त्याचं स्वतंत्र भाषांतर खातं होतं आणि विज्ञान, इतिहास, कायदा सगळं उर्दूत आणलं जात होतं. भारतीय भाषेतून विद्यापीठ चालवण्याचा तो मोठा प्रयोग होता, हे मान्य करायला हरकत नसावी. पण मराठी मुलाला तो घरची भाषा ओलांडूनच गाठावा लागे. निलंग्याचे सेतुमाधवराव पगडी या काळाचं अपत्य. उर्दू आणि फारसीवर त्यांचा असा हात बसला की पुढे फारसी साधनांतून शिवकाल आणि मराठ्यांचा इतिहास त्यांनी मराठी वाचकापुढे ठेवला. परक्या राजवटीची भाषा शिकून स्वतःचा इतिहास लिहिणारा माणूस किंग्स्टनमध्येही असतो, निलंग्यातही असतो.

या प्रदेशाचं सत्तेशी नातं मग सतत बदलत गेलं: १९४८ पर्यंत निजामाचं संस्थान, १९५६ पर्यंत हैदराबाद राज्य, मग द्विभाषिक मुंबई, मग १९६० पासून महाराष्ट्र. गाव जागचं हललं नाही, पण त्याची राजधानी बदलली, कचेरीची भाषा बदलली. ज्यांनी हे सोसलं ते घर न सोडताच थोडेसे स्थलांतरित झाले होते.

कॅरिबियन लेखक-अभ्यासकांच्या आठवणींत एक गोष्ट पुनःपुन्हा येते. बार्बेडोसचा माणूस घरी असतो तोवर बार्बेडोसचा, जमैकाचा माणूस जमैकाचा. बेटाबेटांत आपसात ओळख नाही, थोडी आढीच. लंडनच्या थंडीत, भाड्याच्या खोल्यांत एकत्र आल्यावर ते सगळे ‘वेस्ट इंडियन’ झाले. बार्बेडोसचे जॉर्ज लॅमिंग यांनी ‘द प्लेझर्स ऑफ एक्झाइल’ या १९६० च्या पुस्तकात हे ठसठशीतपणे मांडलं. बीबीसीचा ‘कॅरिबियन व्हॉइसेस’ हा कार्यक्रम जमैकाच्या उना मार्सन यांनी १९४३ मध्ये सुरू केला आणि तो १९५८ पर्यंत चालला. एका बेटावरच्या कवीची कविता शेजारच्या बेटावर ऐकू यायची ती लंडनला वळसा घालून!

आपल्याकडे विखुरलेल्या माणसांना अशी एकत्र ओळख देण्याचं काम औरंगाबादेत झालं. पीपल्स एज्युकेशन सोसायटी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी मुंबईत १९४५ मध्ये स्थापन केली आणि १९५० मध्ये औरंगाबादेत महाविद्यालय काढलं. तेच पुढे मिलिंद महाविद्यालय. महाविद्यालयाच्या नागसेनवन परिसरातल्या वसतिगृहात नांदेड, परभणी, बीड, उस्मानाबाद अशा जिल्ह्यांतल्या खेड्यांतून आलेली मुलं पहिल्यांदा एका छताखाली झोपली, एका पंगतीत जेवली. गावकुसाबाहेरच्या घरातून आलेल्या मुलाला आपल्यासारखंच दुसऱ्या तालुक्यातही घडतं, हे तिथे कळलं.

हे महाविद्यालय मराठवाड्यातच का, याचं कारण या प्रदेशाचं मागासलेपण तर होतंच. आंबेडकरांची स्वतःची या भूमीची ओळखही विसरता येत नाही. ती समजायला आधी त्यांचा परदेशातला काळ पाहावा लागतो. ते १९१३ मध्ये बडोद्याच्या सयाजीराव महाराजांच्या शिष्यवृत्तीवर न्यूयॉर्कच्या कोलंबिया विद्यापीठात गेले. ९ मे १९१६ रोजी, पंचविशीत, प्रा. गोल्डनवायझर यांच्या चर्चासत्रात त्यांनी ‘कास्ट्स इन इंडिया’ हा निबंध वाचला. जातीचं मूळ त्यांनी जातीअंतर्गत विवाहाच्या सक्तीत दाखवलं. त्याच वसंतात, मार्चअखेरीस, जमैकाहून मार्कस गार्वी न्यूयॉर्कला उतरले. विद्यापीठाला लागूनच असलेल्या हार्लेम वस्तीत त्यांनी पुढे कृष्णवर्णीयांची प्रचंड चळवळ उभी केली. जमैकाचेच कवी क्लॉड मॅके १९१२ पासून अमेरिकेत होते. हार्लेममधल्या कृष्णवर्णीय साहित्य-संस्कृतीच्या प्रबोधनात कॅरिबियन स्थलांतरितांचा वाटा किती मोठा होता, हे आता सगळेच मान्य करतात.

कोलंबिया आणि लंडन अशा दोन विद्यापीठांच्या डॉक्टरेटचा हा विद्वान १९३४ मध्ये सहकाऱ्यांसह दौलताबादचा किल्ला पाहायला गेला. निजामाचं राज्य, रमजानचा महिना. प्रवासाने धुळीने माखलेल्या मंडळींनी किल्ल्याच्या दारातल्या हौदावर हातपाय धुतले. एक म्हातारा धावत आला आणि ओरडू लागला: धेडांनी हौद बाटवला. गर्दी जमली, शिवीगाळ झाली. शेवटी किल्ल्यात कुठेही पाण्याला हात लावणार नाही, या अटीवर, हत्यारबंद शिपाई बरोबर देऊन त्यांना आत सोडण्यात आलं. ‘वेटिंग फॉर अ व्हिसा’ या आठवणींत त्यांनी स्वतः हे लिहून ठेवलं आहे. परदेशात मिळालेली ओळख मायदेशी हौदाच्या काठावर अशी तपासली जाते.

त्याच किल्ल्यापासून काही मैलांवर सोळा वर्षांनी त्याच माणसाने कॉलेज काढलं.

परदेशी गेलेल्या विद्वानाचं मोठेपण त्याच्या पदवीत किंवा पगारात मोजण्याची आपल्याला सवय लागली आहे. मोजायचंच असेल तर मागे राहिलेल्या प्रदेशात त्याचं ज्ञान झेलायला काय उभं राहिलं ते मोजावं: कॉलेज, नियतकालिक, ग्रंथालय, व्याख्यानाचा मंच. मिलिंदची गोष्ट याचा भक्कम पुरावा आहे. म. ना. वानखेडे अमेरिकेतून पीएच.डी. होऊन परतले आणि मिलिंदचे प्राचार्य झाले. अमेरिकेतल्या कृष्णवर्णीयांचं साहित्य त्यांनी इथल्या तरुणांपुढे ठेवलं आणि तुम्ही तुमचं लिहा, असं सांगितलं. गंगाधर पानतावणे यांनी ‘अस्मितादर्श’ हे नियतकालिक चालवलं आणि ते दलित लेखनाचं घर झालं. लातूरचे जनार्दन वाघमारे यांनी अमेरिकन निग्रो साहित्य आणि संस्कृती यांवर मराठीत ग्रंथ लिहिला, आणि नांदेडला १९९४ मध्ये स्वामी रामानंद तीर्थ मराठवाडा विद्यापीठ निघालं तेव्हा तेच त्याचे पहिले कुलगुरू झाले. मुंबईत १९७२ मध्ये ‘दलित पँथर’ स्थापन झाली, तिचं नाव अमेरिकेतल्या ब्लॅक पँथर पक्षावरून. तिकडे ‘ब्लॅक पॉवर’ ही घोषणा १९६६ मध्ये गाजवणारे स्टोकली कारमायकल जन्माने त्रिनिदादचे, अकराव्या वर्षी न्यूयॉर्कला गेलेले. त्रिनिदाद ते न्यूयॉर्क आणि तिथून मुंबई-औरंगाबाद हा विचारांचा प्रवास पुस्तकांतून, मासिकांच्या पानांतून झाला. पानतावण्यांना २००९ मध्ये कॅलिफोर्नियातल्या सॅन होजे इथे पहिल्या विश्व मराठी साहित्य संमेलनाचं अध्यक्षपद मिळालं, तेव्हा या प्रवासाची दिशा थोडी उलटली.

मंचाबद्दल बोलायचं तर आज, एका व्याख्यानमालेत उभं असताना, पोर्ट ऑफ स्पेनच्या वुडफर्ड चौकाजवळ जरा थांबावंच लागेल. एरिक विल्यम्स ऑक्सफर्डनंतर अमेरिकेत हॉवर्ड विद्यापीठात शिकवत होते. पुढे कॅरिबियन कमिशन या सरकारी संस्थेच्या नोकरीत त्रिनिदादला आले. वसाहतवादी सरकारांच्या त्या संस्थेशी खटके उडाले आणि १९५५ मध्ये त्यांचा करार पुढे चालवला गेला नाही. २१ जून १९५५ च्या संध्याकाळी ते वुडफर्ड चौकात उभे राहिले आणि हजारोंच्या गर्दीपुढे कमिशनशी झालेल्या भांडणाचा सगळा हिशेब त्यांनी कागदपत्रांसह वाचून दाखवला. आता आपण कुठेही जाणार नाही, इथेच राहणार, असंही सांगितलं. जागा पाहा: एका अंगाला ‘रेड हाउस’ म्हणजे कायदेमंडळ, दुसऱ्या अंगाला कॅथीड्रल, जवळच सार्वजनिक ग्रंथालय, आणि मधे झाडांखाली कामावरून सुटून आलेली माणसं, बरीचशी उभीच. त्यानंतर तिथे व्याख्यानांमागून व्याख्यानं झाली: संविधान सुधारणा, बेटाचं अर्थकारण, शिक्षण, गुलामीचा इतिहास. भाषण सोपं करायचं म्हणून आकडे गाळायचे, ही पद्धत त्यांनी कधी पाळली नाही. व्याख्यानांच्या स्वस्त पुस्तिका छापून विकल्या जात. त्या चौकालाच ‘वुडफर्ड चौक विद्यापीठ’ हे नाव पडलं. सहा-सात महिन्यांत, जानेवारी १९५६ मध्ये, त्यातून पक्ष निघाला. त्याच वर्षी निवडणूक जिंकली. ३१ ऑगस्ट १९६२ रोजी त्रिनिदाद-टोबॅगो स्वतंत्र झाला तेव्हा विल्यम्स पंतप्रधान होते.

पुढचं सांगितल्याशिवाय ही गोष्ट प्रामाणिक होणार नाही. ज्या जेम्सनी विल्यम्सना शिकवलं, ते १९५८ मध्ये त्रिनिदादला परतले, पक्षाचं वृत्तपत्र चालवू लागले आणि थोड्याच काळात दोघांचं फाटलं. १९६५ मध्ये जेम्स क्रिकेटचे वार्ताहर म्हणून आले तेव्हा विल्यम्स सरकारने त्यांना नजरकैदेत टाकलं. गयानाचे इतिहासकार वॉल्टर रॉडनी यांची गोष्ट तर काळीज पिळवटणारी आहे. लंडनहून पीएच.डी. होऊन ते जमैकात शिकवू लागले, किंग्स्टनच्या गरीब वस्त्यांत जाऊन आफ्रिकेचा इतिहास सांगू लागले. ऑक्टोबर १९६८ मध्ये कॅनडाहून परतताना त्यांना जमैकात उतरूच दिलं नाही; शहरात दंगल उसळली. १९७४ मध्ये ते स्वतःच्या देशात, गयानात परतले, तर विद्यापीठातली ठरलेली नेमणूक सरकारी दबावाखाली रद्द झाली. तरीही ते तिथेच राहिले. १३ जून १९८० रोजी बॉम्बस्फोटात मारले गेले, वयाच्या अडतिसाव्या वर्षी.

परतणाऱ्याला घर जागा देईलच असं नसतं. मराठवाड्याने तर आंबेडकरांना मृत्यूनंतरही जागा द्यायला वेळ लावला. ज्या माणसाने इथे उच्च शिक्षणाचा पाया घातला, त्याचं नाव मराठवाडा विद्यापीठाला देण्याचा ठराव विधिमंडळाने २७ जुलै १९७८ रोजी केला आणि त्यानंतर याच नांदेड जिल्ह्यातल्या, शेजारच्या जिल्ह्यांतल्या गावांत दलितांची घरं पेटली, माणसं मारली गेली. नामविस्तार झाला १४ जानेवारी १९९४ रोजी. साडेपंधरा वर्षं. कॅरिबियन बेटांच्या कहाण्या ऐकून हळहळताना हे आपल्या नावावर आहे, हे लक्षात असू द्यावं.

अर्थशास्त्रातलं एक उदाहरण या भागाच्या पोटापाण्याशी जोडलेलं आहे. सेंट लुसिया या चिमुकल्या बेटावरचे आर्थर लुईस १९३३ च्या सुमारास लंडन स्कूल ऑफ इकॉनॉमिक्समध्ये दाखल झाले. त्याआधी दहाएक वर्षं तिथूनच आंबेडकर रुपयाच्या प्रश्नावरचा प्रबंध पुरा करून गेले होते. लुईस यांचा १९५४ चा सुप्रसिद्ध लेख सांगतो की शेतीत गरजेपेक्षा जास्त हात अडकलेले असतात. त्यांना उद्योगाकडे नेल्याशिवाय गरीब देश वर येत नाही. १९७९ चं अर्थशास्त्राचं नोबेल त्यांना मिळालं. आणि १९१८ मध्ये, या लेखाच्या छत्तीस वर्षं आधी, आंबेडकरांनी हिंदुस्थानातल्या तुकड्यातुकड्यांच्या शेतीवर लेख लिहून म्हटलं होतं की दुखणं जमिनीच्या आकाराचं नाही, शेतीवर रिकाम्या बसलेल्या माणसांचं आहे, आणि इलाज उद्योगीकरणाचा आहे. दोन वसाहतींतली, तळातून आलेली दोन माणसं एकाच निष्कर्षाला येतात. आज लोह्याचा तरुण हैदराबादला, पुण्याला, मुंबईला जातो तेव्हा तो या दोघांनी सांगितलेल्याच वाटेवर असतो. फक्त वाटेच्या दुसऱ्या टोकाला कारखान्यातली पक्की नोकरी क्वचितच भेटते. लुईस यांच्या सिद्धांताचा हा अपुरा राहिलेला भाग मराठवाड्यातल्या अर्थशास्त्राच्या विद्यार्थ्यांनी उचलायला हवा. त्यासाठी लागणारी माहिती इथल्या प्रत्येक वाडीत पडली आहे.

आजचा अभ्यासक स्थलांतर करतो तो कुठे? नांदेडचे सूरज एंगडे जोहान्सबर्गच्या विटवॉटर्सरँड विद्यापीठातून पीएच.डी. झाले, हार्वर्डला गेले आणि २०१९ मध्ये ‘कास्ट मॅटर्स’ हे पुस्तक लिहिलं. त्यात नांदेडची वस्ती आहे आणि कृष्णवर्णीयांच्या चळवळीशी नातं जोडण्याचा आग्रहही आहे. फेब्रुवारी २०२३ मध्ये सिएटल शहराने जातीवरून भेदभाव करण्यास कायद्याने बंदी घातली. अमेरिकेतलं असं ते पहिलं शहर. ठराव मांडणाऱ्या क्षमा सावंत पुण्यात जन्मलेल्या. म्हणजे इथून गेलेल्यांनी जात बरोबर नेली आणि तिच्याविरुद्धचा वादही बरोबर नेला. कॅरिबियन माणसाला परदेशात एक नवी, मोठी ओळख मिळाली. आपल्याकडच्या दलित विद्यार्थ्याला मात्र पुष्कळदा बोस्टनमध्येही आडनाव विचारलं जातं, आणि विचारणारा आपलाच असतो.

राज्य सरकारची राजर्षी शाहू महाराज परदेश शिष्यवृत्ती दरवर्षी अनुसूचित जातींच्या पंचाहत्तर विद्यार्थ्यांना मिळते. लातूर-नांदेडच्या शिकवणी वर्गांतून डॉक्टर-इंजिनीयर होऊन बाहेर गेलेले तर कितीतरी. यांतल्या प्रत्येकाने परत यावं, ही मागणी अन्यायाची आहे. हॉल परतले नाहीत म्हणून जमैकाचं नुकसान झालं, असं कुणी म्हणत नाही. पण हे विद्यार्थी जे शिकले ते त्यांनी मराठीत, लोह्यात, सांगावं ही मागणी रास्त आहे, आणि सांगायची सोय करणं हे राहिलेल्यांचं काम आहे. या व्याख्यानमालेचं पुढच्या वर्षीचं एक सत्र अशा एखाद्या तरुण अभ्यासकाला, मग तो सुट्टीत आलेला असो वा कायमचा परतलेला, राखून ठेवता येईल. त्याने स्वतःच्या प्रबंधावर बोलावं, आकडे न गाळता. भाषणाची पुस्तिका वुडफर्ड चौकातल्यासारखी, चहाच्या किमतीत छापावी. आणि मार्गशीर्षात माळेगावच्या खंडोबाच्या यात्रेला सारा मराठवाडा लोटतो, तिथे जनावरांच्या बाजाराच्या वाटेवर एक टेबल मांडून ती विकायला ठेवावी.